झोपलेल्यांची चिठ्ठी

१

"परत?" किरा-वासिलोने विचारलं.

कॅप्टन थ्रासिवूलोस काप्सालिस जिन्याच्या वरच्या पायरीवर उभा होता. खांद्यावर टॉवेल, हातात वस्तरा. सकाळचे सहा वाजले होते. गेले चार महिने ही घरमालकीण म्हातारी रोज सहाला त्याला दाढीचं गरम पाणी वर आणून देत होती, आणि रोज पाच मिनिटं उशीर करत होती. त्यावरून एकदा आवाज चढवला की कॅप्टनचा दिवस रीतसर सुरू व्हायचा.

"परत म्हणजे काय? अजून मिळालंय कुठे?"

"आत्ता तर नेलंत की! स्वतः खाली आलात, भांडं उचललंत, वर मलाच म्हणालात, किरा, तू कशाला जिने चढतेस ह्या वयात."

कॅप्टनने असलं वाक्य आयुष्यात कुणाला ऐकवलं नव्हतं. म्हातारीचं डोकं फिरलं, असं म्हणून तो पाय आपटत खोलीत गेला. खिडकीपाशी तिपाईवर भांडं होतं. पाणी गढूळ झालं होतं, त्यावर साबणाचा फेस आणि बारीक काळे केस तरंगत होते. ब्रश ओला होता. त्याने स्वतःच्या गालावरून हात फिरवला. खुंट तसेच होते.

सार्जंट बाकोलासचं काम, दुसरं काय. साहेबाच्या वस्तऱ्याने दाढी उरकायची आणि म्हातारीला गुंडाळायचं. कॅप्टनने मनातल्या मनात त्याला दोन रात्रींचा जादा पहारा ठोठावला आणि थंड पाण्यानेच दाढी केली. पाण्याचा गारवा त्याला फारसा जाणवला नाही, म्हणून तो आणखीच चिडला.

२

चिडायला कारणं कमी नव्हती. लष्करी शाळेतून बाहेर पडला तेव्हा थ्रासिवूलोस तेवीस वर्षांचा होता. पुढच्याच हिवाळ्यात अल्बानियाच्या बर्फात डाव्या पायाची दोन बोटं गेली. मग जर्मन आले, तेव्हा मासेमारीच्या होडीतून पळून इजिप्तला, तिथून वाळवंटातली लढाई, तिथून परत. घरी पोचून बूट काढतो न काढतो तोच देशातली माणसं एकमेकांच्या उरावर बसली. नऊ वर्षांत तो नव्वद दिवस घरी राहिला नसेल. बरोबरीचे मेजर झाले, मागचे दोघे लेफ्टनंट कर्नल झाले. ह्याची फाईल मात्र हलेना, कारण बायकोचा भाऊ डोंगरातल्या बंडखोरांना जाऊन मिळाला होता. मेव्हण्याच्या पायी माणसाचं सगळं आयुष्य अडकून पडावं, ह्याला काय म्हणायचं?

शेवटी एकदाची बदली आली होती. यान्निना शहरातल्या प्रशिक्षण केंद्रात शिक्षक. घरापासून चालत दहा मिनिटं. बारा मार्चला, शनिवारी, ट्रक येणार होता. तोवर ह्या पेत्रोव्रिसी गावात, दगडी छपरांच्या साठ घरांत, जिवंत राहायचं आणि कसलीही भानगड होऊ द्यायची नाही, एवढंच काम उरलं होतं. घरी बायको आंथूला होती आणि सात वर्षांची फ्रोसो. मागच्या रजेत त्याने उचलून घेतल्यावर फ्रोसो किंचाळली होती आणि आईच्या मागे लपली होती. तीन दिवस ती त्याच्यासमोर जेवली नाही. ते त्याला आठवलं की छातीत कळ यायची, आणि कळ आली की तो कुणावर तरी ओरडायचा.

सव्वीस फेब्रुवारीला पहिला मृतांचा शनिवार होता. ईस्टरच्या आधी असे तीन शनिवार ओळीने येतात. बाया उकडलेल्या गव्हात डाळिंबाचे दाणे आणि साखर घालून ताटं देवळात नेतात आणि प्रत्येक ताटाबरोबर चिठ्ठी देतात. चिठ्ठ्या दोन प्रकारच्या: एक जिवंतांच्या आरोग्यासाठी, एक झोपलेल्यांच्या, म्हणजे मेलेल्यांच्या, शांतीसाठी. पाद्री नुसती पहिली नावं एका दमात वाचून टाकतो. यान्निस, यान्निस, मारिया, कोस्तास, परत यान्निस. कुणाचा यान्निस कोणता, ते देवाने बघून घ्यायचं.

कॅप्टन मागे भिंतीला टेकून, घड्याळ बघत उभा होता. पाद्री पापा-लाम्ब्रोस झोपलेल्यांची नावं भराभर वाचत होता. "...लेओनिदास, वासिलिकी, थ्रासिवूलोस, यान्निस..."

कॅप्टनने मान वर केली. त्या डोंगरातच काय, अख्ख्या बटालियनमध्ये ह्या नावाचा दुसरा माणूस नव्हता. शाळेत ह्या नावापायी त्याने चिक्कार मार खाल्ला होता. आणि ह्या गावात तर त्याला सगळे कॅप्टनसाहेबच म्हणत.

३

"पापा, कुणाच्या चिठ्ठीत होतं ते?"

पापा-लाम्ब्रोस ताटांतला गहू चमच्याने एका टोपलीत गोळा करत होता. "मला काय ठाऊक? मी वाचतो. शंभर चिठ्ठ्या, चारशे नावं. बघत बसलो तर ईस्टर उजाडेल."

"जिवंत माणसाचं नाव मेलेल्यांत वाचलंत तुम्ही!"

"होतं असं. बाया चिठ्ठ्यांची अदलाबदल करतात. परवा माझ्या मेहुण्याला मी असंच चिठ्ठीत मारलं. काल इथे भांडून गेला." त्याने कॅप्टनकडे पाहिलं आणि जरा वेळ पाहतच राहिला. मग मऊ आवाजात म्हणाला, "गहू घ्या थोडा. घ्या, घ्या."

चिठ्ठ्या बाकोलास लिहायचा, हे कॅप्टनला त्या दुपारी कळलं. गावचा मास्तर डोंगरात पळाला होता, आणि बायांना लिहिता येत नव्हतं. कंपनीचा हा लिखापढीवाला सार्जंट अंड्यांवर आणि चीजच्या पावावर गावाचे मेलेले लिहून देत होता.

"वासिलोआजीची चिठ्ठी होती, साहेब," बाकोलास म्हणाला. "ती सांगत गेली, मी लिहीत गेलो. मला वाटलं तिचा आजोबा असेल. असलं नाव आजोबांचंच असतं."

"गाढवा, माझं नाव आहे ते! रोज माझ्या सहीखाली शिक्का मारतोस!"

बाकोलास एरवी एकाला तीन उत्तरं द्यायचा. पण अलीकडे तो उलट बोलायचा बंद झाला होता. "चूक झाली, साहेब," एवढंच तो म्हणाला.

किरा-वासिलो चुलीपाशी पीठ मळत होती. तिचा एक मुलगा सरकारी फौजेत होता, एक बंडखोरांत, आणि दोघांपैकी कुणाची बातमी तिला येत नव्हती.

"तुम्हीच सांगितलंत की," ती म्हणाली. "गुरुवारी खाली येऊन बसलात इथे, ह्या स्टुलावर. म्हणालात, किरा, माझं एक काम कर. थ्रासिवूलोस म्हणून एक आहे, त्याच्यासाठी गहू करणारं कुणी नाही. तुझ्या चिठ्ठीत एक नाव वाढव."

"गुरुवारी मी दिवसभर वरच्या चौकीवर होतो!"

"असाल बाबा."

"थ्रासिवूलोस म्हणजे मी!"

पिठातले हात थांबले. म्हातारीने त्याच्या चेहऱ्याकडे पाहिलं, मग त्याच्या बुटांकडे, मग पुन्हा चेहऱ्याकडे. "असं होय," ती अगदी हळू म्हणाली, आणि उठून पावाचा सगळ्यात मोठा तुकडा त्याच्यापुढे ठेवला. कॅप्टनने तो तसाच सोडला आणि दार आपटून निघून गेला.

४

वेड लागलेल्या गावात शहाण्या माणसाने काय करावं? पुरावे गोळा करावेत. कॅप्टनने विचार केला. बंडखोरांनी त्याच्या अंगलटीचा कुणी माणूस घुसवला असेल. पकडलेल्या अधिकाऱ्याचा कोट चढवला की संध्याकाळच्या अंधुक उजेडात कुणीही कॅप्टन दिसतो. त्याने पहारे दुप्पट केले, चारी वाटांवर माणसं बसवली. कुणी आत आलं नाही, कुणी बाहेर गेलं नाही.

मंगळवारी तो तबेल्यात गेला. तिथे झिसिस नावाचा म्हातारा मेंढपाळ कोंडलेला होता. बंडखोरांना पाव पोचवताना सापडलेला. शुक्रवारी त्याला लष्करी न्यायालयाकडे पाठवायचं होतं, आणि तिथे काय होतं ते सगळ्यांना माहीत होतं. तबेला रिकामा होता. दोर नीट गुंडाळून खुंटीला अडकवलेला होता.

"तुम्हीच सोडलंत, साहेब," पहारेकरी म्हणाला. "काल चार वाजता. मी लेखी मागितलं, तर लिहूनही दिलंत."

कागदावर कॅप्टनचं अक्षर होतं. सहीखाली त्याची ती नेहमीची आडवी रेघही होती, जी तो घाईत कधी द्यायचा, कधी विसरायचा.

"आणि तुमचे हातमोजे दिलेत त्याला. म्हणालात, खिंडीत वारा आहे."

कॅप्टन पळतच वर गेला आणि ट्रंक उघडली. लोकरीचे हातमोजे नव्हते. तो खाटेवर बसला. बदलीला अकरा दिवस राहिलेले, मेव्हणा बंडखोर, आणि आता स्वतःच्या सहीने सोडलेला कैदी! कर्नलच्या कानावर गेलं तर यान्निना विसरा, भिंतीपुढे उभं करतील. तो इतका वैतागला होता की त्याला रडू येईल असं वाटलं. त्याने अहवालात लिहिलं, कैदी आजाराने मेला. वर असलं खोटं लिहावं लागतंय ह्याचा संतापच आला.

त्या संध्याकाळी गावातल्या बायांनी त्याला पाहून मान लववली. चार महिन्यांत पहिल्यांदाच. पण त्यांच्या नजरा त्याच्यावर टिकत नव्हत्या. त्याच्या खांद्यावरून मागे कुणी येतंय का, ते त्या बघत होत्या.

५

"आजपासून," कॅप्टनने बाकोलासला खोलीत बोलावून सांगितलं, "मी हुकूम दिला की आधी मला खूण विचारायची. माझ्या मुलीचं नाव. इथे ते कुणालाही माहीत नाही. नाव सांगितलं नाही तर गोळी घालायची."

"फ्रोसो," बाकोलास म्हणाला.

बाहेर कुणीतरी लाकडं फोडत होतं. कॅप्टनने पाच-सहा घाव ऐकले.

"तुला कुणी सांगितलं?"

"तुम्हीच, साहेब. परवा शेकोटीशी. म्हणालात, पुढचे दोन दात पडलेत तिचे, बोलताना शीळ वाजते. नक्कल करून दाखवलीत. पोरं हसून हसून लोळली." बाकोलासच्याही चेहऱ्यावर हसू आलं, आणि मग ते कसंनुसं विझलं.

"तिचे दात शाबूत आहेत," कॅप्टन म्हणाला.

गुरुवारी खेचरावरून टपाल आलं. आंथूलाचं पत्र होतं. पाकीट आधीच उघडलेलं होतं, सुरीने, नीट. कॅप्टन नेहमी बोटाने फाडून उघडायचा. त्याने खिडकीपाशी उभं राहून वाचलं. तेल महाग झालंय. आईचा खोकला तसाच. मागच्या पत्रात लिहिलंच होतं, फ्रोसोचे पुढचे दोन दात पडलेत, बोलताना अजून शीळ वाजते. आणि मग: "तुमची जानेवारीपासूनची पत्रं मी पुन्हा पुन्हा वाचते. लग्नाला आठ वर्षं झाली, तुम्ही असं कधी लिहिलं नव्हतं. फ्रोसो रोज रात्री त्यातलं थोडं वाचून दाखवायला लावते आणि विचारते, बाबा कधी येणार?"

जानेवारीपासून त्याने घरी एकही पत्र लिहिलं नव्हतं. जानेवारीत वरच्या चौकीवर तोफेचा गोळा पडला होता. तो उडून उतारावर पडला, बराच वेळ बर्फात पडून राहिला, मग उठला आणि चालत खाली आला. कानात आठवडाभर घंटा वाजत होती. ह्यापलीकडे त्या दिवशी काहीही झालं नव्हतं. तसं त्याने तेव्हाच अहवालात लिहिलं होतं.

तो उत्तर लिहायला बसला. 'प्रिय आंथूला' लिहिलं आणि पुढे काय लिहायचं ते त्याला सुचेना. तेवढ्यात खेचरवाला खालून ओरडला, "साहेब, तुमचं पत्र घेतलंय हो! निघतो!" कॅप्टन खिडकीतून ओरडेपर्यंत खेचर वळणाआड गेलं होतं.

६

दुसऱ्या शनिवारी त्याने किरा-वासिलोला चिठ्ठी देऊच दिली नाही. स्वतः तिच्या हातातून घेतली आणि चुलीत घातली. तरी पापा-लाम्ब्रोसने नाव वाचलं. ह्या वेळी ते चार चिठ्ठ्यांत होतं. विचारायला गेल्यावर चारही बाया डोक्यावरचे रुमाल सारखे करत आपापल्या वाटेला लागल्या.

रविवारी दुपारी तो खाली स्वयंपाकघरात नकाशा पसरून बसला होता. किरा-वासिलो कडधान्य निवडत होती. घरात दोघंच. आणि वर, त्याच्या खोलीत, कुणीतरी चालायला लागलं.

लाकडी तक्तपोशी जुनी होती, प्रत्येक पाऊल खाली कळायचं. एक जड, एक हलकं. एक जड, एक हलकं. डाव्या पायाला दोन बोटं नसली की माणूस असाच चालतो. खाटेपासून खिडकीपर्यंत सहा पावलं. थांबणं. परत सहा. मग खाट करकरली. मग बूट काढल्याचा आवाज आला, एक, आणि जरा वेळाने दुसरा. कुणीतरी गुणगुणत होतं. लहान मुलीला झोपवताना म्हणतात तसं काहीतरी.

कॅप्टनने म्हातारीकडे पाहिलं. ती निवडतच होती. तिला ऐकू येत होतं, ह्यात शंका नव्हती. गुणगुणण्याच्या तालावर तिची मान हलत होती.

"कोण आहे वर?"

"कॅप्टनसाहेब," ती म्हणाली, आणि मग जीभ चावली.

तो पिस्तूल काढून जिना चढला. चढताना स्वतःची पावलं ऐकण्याचा त्याने प्रयत्न केला. एक जड, एक हलकं असा आवाज यायला हवा होता. जिना करकरला नाही. लाकूड ओलं असेल, दुसरं काय. त्याने दार ढकललं. खोली रिकामी होती. खाटेवर माणूस बसल्याचा खड्डा होता आणि तो त्याच्या डोळ्यांदेखत हळूहळू भरून आला. टेबलावर बदलीचा हुकूम पेपरवेटखाली सरळ करून ठेवलेला होता. ट्रंक भरलेली होती. कपडे इतके नीट घडी घातलेले की त्याला ते आधी स्वतःचे वाटलेच नाहीत.

तो चिडला. खूप चिडला. भरलेली ट्रंक त्याने जमिनीवर उपडी केली, सगळे कपडे परत आपल्या पद्धतीने कोंबले, आणि त्या दिवसापासून तो ट्रंकेवरच झोपायला लागला.

७

तिसरा शनिवार. सकाळचे साडेनऊ. ट्रक बाराला येणार होता.

अडीच तास होते. खोलीत बसून राहायचं की देवळात जायचं? कॅप्टनने ठरवलं, जायचं. असली बाष्कळ समजूत त्याला मान्य नव्हती, पण नाव पुन्हा वाचलं जाऊ द्यायचं नाही. ह्या वेळी ते जिवंतांच्या चिठ्ठीत लिहून घ्यायचं, सगळ्यांसमोर, मोठ्याने. मग ट्रकमध्ये बसायचं आणि ह्या डोंगराकडे वळूनही बघायचं नाही. त्याने ट्रंक ओढत ओढत देवळाच्या दारापर्यंत आणली आणि तिथे ठेवली. दारातून दिसत राहील अशी.

"पापा, थांबवा!" तो आत शिरत म्हणाला. "पेन्सिल द्या. मी लिहितो."

पापा-लाम्ब्रोस थांबला नाही. बाया बाजूला सरकल्या. कॅप्टनने जिवंतांच्या चिठ्ठ्यांच्या गठ्ठ्यातली वरची चिठ्ठी घेतली, पेन्सिल घेतली आणि लिहिलं: थ्रासिवूलोस. ठळक. रेघ ओढून. मग वर पाहिलं तर त्या ओळीच्या वर, त्याच अक्षरात, ते नाव आधीच होतं. थ्रासिवूलोस. त्याखाली आंथूला. त्याखाली फ्रोसो.

बाहेर हॉर्न वाजला.

अजून दहासुद्धा वाजले नव्हते. कॅप्टन धावत दारात आला. ट्रंक नव्हती. देवळाच्या अंगणातून खालचा रस्ता पूर्ण दिसायचा, आणि ट्रक पहिल्या वळणावर पोचला होता. ड्रायव्हरशेजारी कोट गुंडाळून एक अधिकारी बसला होता. वळणावर त्याने गावाकडे मान वळवली. चेहरा नीट दिसला नाही. ताजी दाढी केलेला गाल दिसला, आणि वर केलेला हात. रस्त्याच्या कडेला अख्खी कंपनी उभी होती. पोरं हात हलवत होती. बाकोलास सलाम ठोकून ताठ उभा होता आणि त्याच्या गालांवरून पाणी वाहत होतं.

कॅप्टन त्याच्यापाशी पोचला तेव्हा ट्रक दिसेनासा झाला होता.

"कोण गेलं त्यात?"

बाकोलासने सलाम सोडला. डोळे पुसले. "वर जा, साहेब," तो आजाऱ्याशी बोलावं तसा म्हणाला. "थंडी आहे. वासिलोआजीने खोली तुमच्यासाठीच ठेवलीय. दुसऱ्या कुणाला द्यायची नाही, असं ठरलंय आमचं."

"कोण गेलं, विचारतोय मी!"

"कॅप्टनसाहेब."

"मग मी कोण आहे, हरामखोरा?"

बाकोलासने खाली पाहिलं. "ते म्हणाले होते, तुम्ही हे विचाराल. म्हणाले, ओरडू दे त्याला. त्याची चूक नाही, त्याला कुणी सांगितलेलं नाही एवढंच. उलट बोलू नका, त्याने काही मागितलं तर द्या, आणि शनिवारी नाव घालायला विसरू नका." त्याने मान वर केली. "आम्ही तेच केलं, साहेब. जानेवारीत वर तो गोळा पडल्यापासून, दोन महिने झाले. कुणी उलट बोललं तुम्हाला?"

कुणी बोललं नव्हतं. कॅप्टनला वाटलं होतं, शिस्त लागली.

त्याने बाकोलासची कॉलर धरायला हात उचलला आणि मग तो तसाच खाली सोडला. पोरं एकेक करून बराकीकडे परतत होती. त्याच्या बाजूने जाताना प्रत्येकाने टोपी काढली. खालून, फार लांबून, गिअर बदलल्याचा आवाज आला, आणि मग तोही बंद झाला.

संध्याकाळी पाचपर्यंत ट्रक यान्निनाला पोचेल. चौकापासून घर चालत दहा मिनिटं. तो जिना चढेल, एक जड, एक हलकं, आणि दार उघडायच्या आधीच फ्रोसो ओळखेल. ती किंचाळणार नाही. तो गुडघ्यांवर बसेल आणि म्हणेल, बघू, बघू कुठले दात पडले, आणि ती तोंड उघडून त्याला दाखवेल.